कोंडा का होतो, कशाने वाढतो आणि आटोक्यात कसा ठेवायचा

खांद्यावर पांढरा भुगा दिसायला लागला की घरोघरी एकच सल्ला मिळतो: डोकं कोरडं पडलंय, रात्री चांगलं तेल जिरव आणि दोन दिवस धुऊ नकोस. कोंड्याच्या बाबतीत हा सल्ला बहुतेक वेळा उलटा पडतो. कोंडा हा सहसा कोरडेपणाचा नव्हे, तर तेलकटपणाचा आजार आहे. एवढी एक गोष्ट ध्यानात घेतली की पुढचं बरंचसं सोपं होतं. तेल कधी लावायचं, डोकं किती वेळा धुवायचं, कोणता शाम्पू घ्यायचा, हे सगळे निर्णय तिथूनच निघतात.

डोक्यात नेमकं काय चालतं

डोक्याची त्वचा सतत नवी होत असते. खालच्या थरात तयार झालेली पेशी वर येऊन गळून पडायला साधारण चार आठवडे लागतात. त्या एकेकट्या आणि अतिशय बारीक असल्याने दिसतच नाहीत. कोंडा होतो तेव्हा हा वेग वाढतो. पेशी अर्ध्याकच्च्या अवस्थेत वर येतात, एकमेकींना आणि तेलाला चिकटतात आणि पापुद्र्याने सुटतात. शर्टावर दिसतो तो भुगा म्हणजे असे पापुद्रे.

वेग वाढण्यामागे तीन गोष्टी एकत्र याव्या लागतात. पहिली, तेलग्रंथींतून पाझरणारं तेल. दुसरी, त्या तेलावर जगणारी मॅलॅसेझिया नावाची बुरशी. लुई-शार्ल मालासे या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८७४मध्ये कोंड्याच्या खपल्यांत तिचं वर्णन केलं, त्यांच्याच नावावरून तिला हे नाव मिळालं. ही बुरशी जवळजवळ प्रत्येक मोठ्या माणसाच्या डोक्यावर असते, कोंडा नसलेल्यांच्याही. ती स्वतःची मेदाम्लं (तेल-चरबी ज्यांची बनते ती आम्लं) बनवू शकत नाही. तिचा जनुकसंच २००७मध्ये उलगडला तेव्हा त्यासाठी लागणारं जनुकच तिच्यात नसल्याचं दिसलं. म्हणून ती आपलं तेल फोडते, त्यातली तिला हवी ती संपृक्त मेदाम्लं खाते आणि ओलेइक आम्लासारखी असंपृक्त आम्लं मागे सोडून देते.

तिसरी गोष्ट म्हणजे आपली स्वतःची त्वचा. हे उरलेलं ओलेइक आम्ल काहींच्या त्वचेला मुळीच बोचत नाही, तर काहींच्या त्वचेचा वरचा थर त्याने सैल होतो, आग होते, खाज सुटते. प्रयोगात बुरशी काढून टाकून नुसतं ओलेइक आम्ल डोक्याला लावलं, तेव्हाही ज्यांना मुळात कोंडा होतो त्यांनाच पापुद्रे सुटले, बाकीच्यांना काही झालं नाही. एकाच घरात, एकच तेल आणि एकच कंगवा वापरणाऱ्या दोन भावांपैकी एकालाच कोंडा का, याचं उत्तर इथे आहे. कोंडा अस्वच्छतेमुळे होत नाही आणि एकाचा दुसऱ्याला लागतही नाही.

वयात येताना तेलग्रंथी जोमाने कामाला लागतात, म्हणून कोंडाही बहुधा तेव्हाच सुरू होतो. विशीत तो जोरात असतो, पुरुषांत जास्त दिसतो आणि पन्नाशीनंतर बऱ्याच जणांचा आपोआप ओसरतो.

आधी हा कोंडाच आहे का ते बघा

खिडकीजवळ उजेडात उभे राहा आणि दुसऱ्या कोणाला तरी केसांचे चार ठिकाणी भांग पाडून बघायला सांगा: कपाळाच्या वर, माथ्यावर, कानामागे आणि मानेच्या वर. एक पापुद्रा बोटांत चुरडून बघा. कोंड्याचा पापुद्रा पांढुरका-पिवळसर असतो, किंचित तेलकट लागतो, आणि खालची त्वचा फार तर जराशी गुलाबी असते.

पीठ भुरभुरावं तसा बारीक कोरडा भुगा असेल, हातापायांची कातडीही फुटलेली असेल आणि हे फक्त थंडीत किंवा गरम पाण्याने रोज न्हायल्यावर होत असेल, तर ती कोरडी त्वचा आहे. तिथे औषधी शाम्पूने आणखी नुकसान होईल. पाणी कोमट करा, शाम्पू सौम्य घ्या आणि धुण्यातलं अंतर वाढवा.

शाळकरी मुलींच्या डोक्यात पांढरे ठिपके दिसले तर आधी लिखा तपासा. कोंडा बोटाने सरकतो किंवा फुंकरीने उडतो. लीख केसाच्या एका बाजूला घट्ट चिकटलेली असते, नखाने ओढावी लागते. कानामागे आणि मानेवर त्या सर्वांत जास्त सापडतात.

जाड, चंदेरी, कडा ठळक असलेले चट्टे केसांच्या रेषेबाहेर कपाळावर आले असतील, कोपर-गुडघ्यांवरही तसेच असतील, तर सोरायसिसची शंका घ्यावी. लहान मुलाच्या डोक्यावर एका जागी केस तुटून गोल टक्कल पडलंय आणि तिथे खपल्या आहेत, तर ते बहुधा गजकर्ण. ते नुसत्या शाम्पूने बरं होत नाही, पोटातून औषध घ्यावं लागतं आणि त्याचा संसर्ग घरातल्या इतर मुलांना होतो. केसांना काळा डाय लावल्यावर एक-दोन दिवसांत कानाच्या पाळीवर, कपाळाच्या कडेला प्रचंड खाज आणि पाणी सुटलं, तर ती डायची अ‍ॅलर्जी. डाय बंद करणे हाच पहिला उपाय.

कशाने वाढतो

तेलाबद्दल सविस्तर बोलायला हवं, कारण आपल्याकडे तेलावर श्रद्धा आहे. मॅलॅसेझियाला ११ ते २४ कार्बनच्या साखळीची मेदाम्लं चालतात. खोबरेल तेलातलं जवळजवळ निम्मं मेदाम्ल १२ कार्बनचं, म्हणजे तिच्या पंगतीतलंच. बदाम, शेंगदाणा, ऑलिव्ह या तेलांत तर खुद्द ओलेइक आम्लच मोठ्या प्रमाणात असतं. म्हणजे बुरशी जे त्रासदायक आम्ल मागे सोडते तेच आपण बाटलीतून वर ओततो. तेल लावल्यावर कोंडा 'गेला' असं वाटतं, कारण पापुद्रे ओले होऊन डोक्याला चिकटून राहतात. तेल उतरलं की तेच सगळे एकदम सुटतात, आणि मग पुन्हा तेल लावावंसं वाटतं.

खोबरेल केसांसाठी चांगलं आहे, यात वाद नाही. ते केसाच्या आत शिरतं आणि धुताना केसांतून निघून जाणारी प्रथिनं वाचवतं. म्हणून ते केसांना लावा, डोक्याला नाही. कानाच्या पातळीपासून खाली, टोकांपर्यंत, लांब केसांना अर्धा चमचा पुरतो. डोक्याला मालीश केल्याशिवाय चैनच पडत नसेल तर धुण्याआधी अर्धा तास करा आणि लगेच शाम्पूने दोनदा धुवा. रात्रभर ठेवायचं नाही. दिवाळीच्या अभ्यंगाचंही तेच. उटण्याने अंगाचं तेल निघतं, डोक्याचं निघत नाही, त्यासाठी त्याच दिवशी शाम्पू हवा.

धुण्यातलं अंतर हे दुसरं मोठं कारण. आठवड्यातून एकदाच, रविवारी न्हायचं, या सवयीत सहा दिवसांचं तेल, घाम आणि धूळ साठते. कोंडा असलेल्याने एक दिवसाआड किंवा निदान आठवड्यातून तीनदा डोकं धुवावं. 'रोज धुतल्याने केस गळतात' ही भीती अनाठायी आहे. धुताना हातात येतात ते केस आधीच सुटलेले असतात, चार दिवसांनी धुतलं की चार दिवसांचे एकदम दिसतात, एवढंच.

हेल्मेट आणि पावसाळा यांचाही हात असतो. दमट, उबदार, बंद जागा बुरशीला मानवते. ओल्या केसांवर हेल्मेट चढवू नका. आत पातळ सुती रुमाल किंवा टोपी घाला आणि ती रोज बदला. हेल्मेटचं अस्तर सुटं होत असेल तर आठवड्याला साबणाच्या पाण्यात धुऊन उन्हात वाळवा. कोकणात जून ते सप्टेंबर केस सुकता सुकत नाहीत. अशा दिवसांत ओल्या केसांचा अंबाडा किंवा घट्ट वेणी घालून दिवसभर ठेवली की मुळाशी वासही येतो आणि खाजही वाढते. पंख्याखाली मुळं सुकवा, मगच बांधा. ड्रायर वापरायचा तर मंद, आणि वीतभर लांबून.

थंडीत कोंडा वाढतो तो वेगळ्या वाटेने: हवा कोरडी, पाणी कडकडीत, धुणं कमी आणि टोपी-मफलर जास्त.

बोअरचं जड पाणी कोंडा निर्माण करत नाही, पण अंगाच्या साबणाने डोकं धुणाऱ्यांना त्याचा फटका बसतो. त्या पाण्यातले कॅल्शियम-मॅग्नेशियमचे क्षार साबणाशी मिळून न विरघळणारा साका करतात, तो मुळांशी बसतो आणि कोंड्यासारखाच दिसतो. साबणवडी डोक्याला लावणं बंद करा. शाम्पूचा असा साका होत नाही.

ताण आणि अपुरी झोप यांनी कोंडा उसळतो. परीक्षेच्या महिन्यात तो वाढला तर नवल नाही. पार्किन्सन आजारात आणि एचआयव्हीच्या संसर्गात तो विशेष तीव्र होतो. पथ्याच्या नावाखाली दही, वांगी, बटाटा सोडायची गरज नाही.

घरगुती उपायांत सर्वांत जास्त नुकसान लिंबू आणि खायचा सोडा करतात. आपल्या डोक्याची त्वचा किंचित आम्लधर्मी, साडेपाच सामूच्या (पीएचच्या) आसपास असते. हा आकडा जितका कमी तितकं आम्ल तीव्र. लिंबाचा रस दोनच्या जवळ, म्हणजे कितीतरी पट तीव्र. खाजवून सोललेल्या त्वचेवर तो झोंबतो, आणि रस लावून उन्हात गेलं तर कपाळावर, मानेवर काळे डाग आणि फोडसुद्धा येतात. सोडा उलट टोकाचा, तो त्वचेचं संरक्षक आवरण बिघडवतो. दह्यात मेद असतो, पुरतं धुतलं गेलं नाही तर भर बुरशीच्याच ताटात. शिकेकाई-रिठ्याने तेल निघतं, पण भरड पूड डोक्यावर घासू नका. उकळून, गाळून पाणी वापरा.

बाटलीवर काय वाचायचं

पुढच्या बाजूला 'अँटी-डँड्रफ' लिहिलंय यावर जाऊ नका. बाटली उलटी करा आणि औषधी घटक शोधा.

किटोकोनॅझोल २ टक्के हा बुरशीवरचा भरवशाचा घटक आहे, औषधांच्या दुकानात मिळतो. झिंक पायरिथिऑन १ टक्का किंवा पिरॉक्टोन ओलामीन हे किराणा दुकानातल्या साध्या कोंड्याच्या शाम्पूंत असतात. सौम्य कोंड्याला तेवढे पुरतात आणि स्वस्तही पडतात. युरोपीय संघात सौंदर्यप्रसाधनांमध्ये झिंक पायरिथिऑन वापरायला मार्च २०२२ पासून बंदी आहे, त्यामुळे जर्मनी-आयर्लंडमध्ये राहणाऱ्यांना तिथल्या फळीवर तो सापडणार नाही. त्यांनी पिरॉक्टोन ओलामीन बघावा किंवा फार्मसीत किटोकोनॅझोल मागावा. सेलेनियम सल्फाइड १ किंवा २.५ टक्के बुरशीही कमी करतो आणि पेशींचा वेगही. मात्र त्याने चांदी काळी पडते, रंगवलेल्या केसांचा रंग बदलू शकतो. अंगठी, चेन काढून ठेवा. सॅलिसिलिक आम्ल २ ते ३ टक्के खपली सोडवतं, बुरशीला फारसं धक्का लावत नाही. जाड थर असेल तेव्हा ते आधी वापरायचं. डांबराचे म्हणजे कोल टारचे शाम्पू गुणकारी असतात, पण वासाला उग्र. पांढऱ्या केसांवर पिवळसर झाक येते आणि ऊन बाधतं.

सुरुवात कुठून करायची? थोडासाच भुगा असेल तर झिंक पायरिथिऑन. खाज, लाली, तेलकट खपल्या असतील तर थेट किटोकोनॅझोल. गरोदर किंवा अंगावर पाजणाऱ्या बायकांनी आणि बारा वर्षांखालच्या मुलांसाठी औषधी शाम्पू डॉक्टरांना विचारूनच.

धुण्याची रीत

औषधी शाम्पू 'लागू पडत नाही' अशी तक्रार असते तेव्हा दोष बहुधा शाम्पूचा नसतो. तो केसांना लावलेला असतो, डोक्याला नाही, आणि अर्ध्या मिनिटात धुतलेला असतो.

१. कोरड्या केसांतला गुंता सोडवून घ्या. बारीक दातांच्या फणीने खपल्या खरवडू नका. जखमा होतात आणि त्यात औषध झोंबतं.

२. कोमट पाण्याने मुळं पूर्ण भिजवा. दाट केस असतील तर मिनिटभर लागतं.

३. डोकं तेलकट असेल तर आधी साध्या शाम्पूने एक हात फिरवून धुऊन टाका. ही पायरी गाळली की औषध तेलाच्या थरावरच अडकतं, आणि फेसही येत नाही. मग माणसं दुप्पट शाम्पू ओततात.

४. आता औषधी शाम्पू: आखूड केसांना एक चहाचा चमचा, म्हणजे ५ मिली, लांब केसांना दोन. मगभर पाण्यात कालवून डोक्यावर ओतायची सवय असेल तर ती इथे सोडा, औषध पातळ होऊन बादलीत जातं. तळहातावर घ्या, बोटांनी सहा-आठ ठिकाणी भांग पाडत जा आणि प्रत्येक भांगात बोटाच्या पेरांनी चोळा. नखं लावायची नाहीत. कानामागे आणि मानेवर विसरू नका. भुवया, दाढीत आणि नाकाच्या कडेला पापुद्रे असतील तर तोच फेस तिथेही, डोळे मिटून.

५. तीन ते पाच मिनिटं थांबा, घड्याळ लावून. अंदाजाची पाच मिनिटं सहसा दीडच भरतात. नळ बंद करून तेवढ्यात बाकीची आंघोळ उरका.

६. मुळांतला बुळबुळीतपणा जाईपर्यंत, निदान दीड-दोन मिनिटं, धुवा. अर्धवट धुतलेला शाम्पू वाळून पुन्हा पांढरा भुगा होतो.

७. कंडिशनर फक्त कानाखालच्या केसांना. किटोकोनॅझोलने केस थोडे राठ होतात म्हणून कंडिशनर लागतोच, पण मुळांना लावला तर केलेलं काम वाया.

८. टॉवेलने टिपा, रगडू नका. टॉवेल आणि कंगवा स्वतःचा ठेवा. कंगवा आठवड्याला शाम्पूच्या पाण्यात घासा, दातांत साचलेला तेलाचा थर पुन्हा डोक्यावर येतो.

किटोकोनॅझोल आठवड्यातून दोनदा, चार आठवडे. म्हणजे लांब केसांना आठ वेळचे मिळून ८० मिली लागतात, १०० मिलीच्या बाटलीत एक पूर्ण फेरी होते. मधल्या दिवशी साधा शाम्पू. झिंक पायरिथिऑनचा शाम्पू आठवड्यातून तीनदा चालतो.

पहिल्या आठवड्यात खाज कमी होते, भुगा दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात. मधेच थांबू नका. चार आठवड्यांनी डोकं स्वच्छ झालं की तोच शाम्पू आठवड्या-दोन आठवड्यांतून एकदा चालू ठेवा. ही शेवटची पायरी जवळजवळ सगळेच सोडून देतात. बुरशी डोक्यावरून कायमची जात नाही, संख्येने कमी होते, आणि तेल मिळत राहिलं की पुन्हा वाढते. 'कायमचा नायनाट' म्हणणारी जाहिरात दिसली की खिसा सांभाळा.

रीत बरोबर ठेवूनही चार आठवड्यांत फरक नसेल तर घटक बदला. तोच घटक असलेल्या दुसऱ्या कंपनीची बाटली घेण्यात अर्थ नाही.

खपलीचा थर जाड असेल तर औषध आत पोहोचत नाही. अशा वेळी सॅलिसिलिक आम्लाचा शाम्पू पहिले दोन-तीन वेळा वापरा, किंवा धुण्याआधी अर्धा तास फक्त खपलीवर खोबरेल लावून ती मऊ करा. तेलाचा इथे खरा उपयोग आहे. सुटेल तेवढीच खपली काढायची. ओढून काढली तर केस उपटून येतो.

तान्ह्या बाळाच्या डोक्यावरची पिवळट खपली हा वेगळा प्रकार. थोडं तेल लावून पंधरा-वीस मिनिटांनी मऊ ब्रशने हलकेच सोडवा आणि बेबी शाम्पूने धुवा. बहुतेकांची काही महिन्यांत आपोआप जाते. मोठ्यांचा शाम्पू बाळाला नको.

डॉक्टरांकडे कधी

दोन वेगवेगळे घटक नीट वापरूनही भुगा तसाच असेल, डोक्यातून पाणी किंवा पू येत असेल, मानेच्या गाठी सुजल्या असतील, चट्ट्यात केस गेले असतील किंवा पापुद्रे चेहरा-छातीवर पसरले असतील, तर त्वचारोगतज्ज्ञाला दाखवा. कोंड्याने कायमचं टक्कल पडत नाही, सतत खाजवल्याने केस तुटतात. एका जागी टक्कल पडलं असेल तर कारण दुसरं काही आहे.

औषधाच्या दुकानातून कोणाच्या तरी सांगण्यावरून स्टेरॉइड मिसळलेलं मलम आणून डोक्याला लावू नका. दोन दिवसांत खाज थांबते म्हणून ते आवडतं, पण बंद केलं की दुखणं दुप्पट जोराने परततं. गजकर्ण असेल तर ते झाकलं जाऊन पसरतं, आणि मलम कपाळावर उतरलं तर त्वचा पातळ पडते. डॉक्टर स्टेरॉइडचं लोशन देतात ते ठरावीक दिवसांसाठी. तेवढे दिवस झाले की बाटली बंद. बुरशीच्या गोळ्याही साध्या कोंड्यासाठी स्वतःहून घ्यायच्या नसतात. किटोकोनॅझोलची गोळी यकृताला घातक ठरू शकते, शाम्पू तसा ठरत नाही.

तपासणीला जाताना आदल्या दोन-तीन दिवसांत औषधी शाम्पू आणि तेल काहीच लावू नका. खपली जशी आहे तशी दिसली तरच निदान करता येतं, आणि गजकर्णाच्या शंकेने नमुना घ्यायचा असेल तर तो नीट मिळतो. वापरलेल्या बाटल्यांच्या मागच्या बाजूचे फोटो आणि गेल्या महिन्यात लावलेल्या डाय-जेलची नावं सोबत ठेवा.